तिरडीवरची झोप

मालिकेतल्या आजीला मारायचं ठरलं आणि तिच्या अंत्ययात्रेचं शूटिंग भंडारदऱ्याजवळच्या एका गावात लागलं. आजी म्हणजे मी. नगरला शाळेच्या गॅदरिंगमध्ये तोंडाला पहिल्यांदा रंग लागला, तेव्हापासून कामच करतेय. नाटकात नायिका झाले, सिनेमात नायिकेची मैत्रीण, मग वहिनी, आई, सासू. तरुणपण नाटकाच्या बसमध्ये गेलं. आता गुडघे धरतात, झोप येत नाही, आणि येतात ती कामं बहुतेक अंथरुणावरचीच.

राजूरच्या बाजारातून बांबू, सुतळी, सगळं खरं आणलेलं. खांदा द्यायला गावातलीच माणसं घेतली होती. मी तिरडीवर आडवी झाले, तर त्यांतला वयस्कर गडी हात मागे घेऊन उभा राहिला.

"जित्या मानसाला बांधायचं न्हाई. आमी न्हाई बांधनार."

दिग्दर्शक माझा मुलगा शोभेल एवढा. त्यानं समजावून पाहिलं, मग चिडला. ऊन चढत होतं. शेवटी मीच म्हणाले, "बांधा हो दादा. सकाळपासून उभी आहे. पाठ तरी टेकेल."

त्यांनी बांधलं, पण गाठी सैल ठेवल्या. नाकात कापूस, अंगावर हार. मला उचललं, वाट चढायला लागली, आणि त्या हेलकाव्यात मला चक्क झोप लागली. कट म्हटलेलं ऐकू आलं नाही. जाग आली ती हाकांनी. तो गडी माझ्यावर वाकला होता, चेहरा पांढराफटक.

"बाई! ओ बाई! बोला की काहीतरी!"

"झोपले होते," मी म्हणाले. तो तिथंच खाली बसला.

युनिटमध्ये हशा पिकला. शॉट उत्तम झाला म्हणे, इतकं खरं मरण कुणी पाहिलं नव्हतं. मला मात्र हसू येईना. इतक्या वर्षांत कॅमेऱ्यासमोर मी कधी भान सोडलं नव्हतं.

त्या गड्याची बायको बघ्यांत उभी होती. तिनं माझा हात धरला तो सोडलाच नाही. "अशा अंगानं गाडीत बसायचं न्हाई. चला घरी, आंघूळ करा."

तिच्या न्हाणीत चुलीवरचं कढत पाणी होतं. पाठीवर तिनंच ओतलं. मग कडुलिंबाची पानं चावायला लावली आणि विचारलं, "घरी कोन वाट बघतं?"

"कुणी नाही."

"मग घाई कशाची?"

बाहेर गाडीचा हॉर्न वाजत होता. तिनं चहा टाकला. मी ओट्यावर बसून तो सावकाश प्यायले, केस वाळेपर्यंत. ड्रायव्हर दोनदा येऊन गेला. त्याच्याशी तीच बोलली.

काम सोडायचं ठरवलं, असं काही नाही. पुढच्याच आठवड्यात पुण्यात नव्या नाटकाची तालीम सुरू झाली. तिथं पहिल्या दिवशी मी म्हणाले, "मला तालमीत बसायला खुर्ची लागेल."

आजवर हे कधी मागितलं नव्हतं. कुणीतरी प्लॅस्टिकची आणून दिली. मी बसले आणि संवादांची वही न उघडता पहिलं वाक्य म्हटलं. आवाज थकलेलाच होता. तो मी सावरायला गेले नाही.