सिस्टरांच्या बदलीविरुद्धचा अर्ज

बदली या विषयात माझा हात कोणी धरू शकत नाही. नवरा रेल्वेत इंजिनिअर, त्यामुळे लग्नानंतर सहा गावं फिरून आम्ही लखनौला, आलमबागच्या रेल्वे कॉलनीत येऊन पडलो. बदली पुढे कशी ढकलायची, अर्जात सासूचं दुखणं कुठल्या परिच्छेदात घालायचं, हे विचारायला कॉलनीतल्या बायका माझ्याकडे येतात. माझ्या सासूबाई ठणठणीत आहेत, पण रेल्वेच्या फायलींमध्ये त्या गेली कित्येक वर्षं अंथरुणाला खिळलेल्या आहेत.

त्यामुळे मुलीच्या शाळेतल्या सिस्टरांची बदली झाल्याचं कळलं, तेव्हा मी रडत बसले नाही. सरळ कागद काढला.

शाळा नन चालवतात, आणि या सिस्टर मूळच्या वसईच्या. पहिल्याच दिवशी फाटकात मी मुलीला मराठीत झापत होते, तेव्हा मागून आवाज आला, "अहो, रागावू नका तिला." लखनौत, डोक्यावर पांढरं वस्त्र घेतलेल्या बाईंच्या तोंडून असं मराठी ऐकून मी गारच पडले.

मुलगी दहा वर्षांची. बोलताना अडखळते. मी पडले अधीर. तिने "प-प" सुरू केलं की मी "पाणी" म्हणून मोकळी व्हायची, आणि बरेचदा तिला पेन्सिल हवी असायची. शाळेत तर तिने तोंडाला कुलूपच लावलं होतं. सिस्टर शाळा सुटल्यावर तिला कॉन्व्हेंटच्या व्हरांड्यात बसवून धडा मोठ्याने वाचायला लावायच्या आणि स्वतः समोर लसूण सोलायच्या. तिचा शब्द त्यांनी कधीही पूर्ण केला नाही. एवढा धीर कुठून आणता, असं मी एकदा विचारलं, तर म्हणाल्या, "आम्हाला रोज पहाटे तासभर गप्प बसायचं असतं. तिचा एक शब्द म्हणजे काय मोठंसं?" दोन वर्षांत मुलगी हजेरीला उत्तर द्यायला लागली. आणि आता म्हणे सिस्टर चालल्या सोनभद्रकडच्या कुठल्याशा खेड्यात! मुलगी पुन्हा गप्प होईल अशी मला धास्ती वाटली. आणि भीतीच्या पाठोपाठ मला राग येतोच.

"ऑर्डर कोणी काढली?" मी सिस्टरांना विचारलं.

"प्रोव्हिन्शियलांनी. या भागातल्या आमच्या सगळ्या घरांच्या त्या प्रमुख."

"म्हणजे डीआरएमच की. रेल्वेत विभागाचे मोठे साहेब असतात तसे."

सिस्टरांनी जरा विचार केला. "साधारण," त्या म्हणाल्या. मग त्यांनी मला सगळं समजावून सांगितलं. फार पूर्वी युरोपातल्या एका लहानशा गावात चार बायका गरीब घरच्या पोरींना शिकवायला एकत्र आल्या. शिकवायला कोणी नसेल तिथे जायचं, हे त्यांनी सुरुवातीलाच ठरवलं. तेव्हापासून त्यांच्या संघात येणारी प्रत्येक जण आज्ञापालनाचं व्रत घेते आणि पाठवतील तिथे एक बॅग उचलून जाते.

"व्रत कळलं," मी म्हणाले, "पण त्यात अपिलाची तरतूद असेलच ना?"

सिस्टर इतक्या हसल्या की त्यांना खोकला आला. मी मात्र थट्टा करत नव्हते.

रात्रीच्या जेवणाआधी नवऱ्याने मसुदा तपासला. रेल्वेचा पूल तपासावा तितक्या गांभीर्याने. "थ्रू प्रॉपर चॅनेल पाठव. आणि ग्राउंड्स कमी पडतायत." खरंच पडत होती. नवरा-बायको एकाच ठिकाणी असावेत, हे कलम बाद. मुलांचं शिक्षण, बाद. राहता राहिले सिस्टरांचे गुडघे. त्यांच्यावर मी असा परिच्छेद लिहिला की वाचताना माझेच डोळे भरून आले. "बिशपना कॉपी मार्क कर," नवरा म्हणाला. तीही केली. त्यांच्या संघातल्या बदल्यांशी बिशपांचा काही संबंध नसतो, त्यांचं खातंच वेगळं, हे कॉन्व्हेंटच्या प्रमुख सिस्टरांनी मला नंतर हळूच सांगितलं. अर्ज मात्र त्यांनी चेहऱ्यावरची रेषाही न हलवता पुढे पाठवला.

महिन्याभरात प्रोव्हिन्शियल वार्षिक भेटीला आल्या आणि मला बोलावणं आलं. मी मुलीला घेऊन गेले. दिवाणखान्यात त्या, प्रमुख सिस्टर आणि आमच्या सिस्टर बसल्या होत्या. चहा आला, केळ्याचे वेफर्स आले. प्रोव्हिन्शियल रांचीकडच्या. त्यांनी अर्ज पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचला.

"घुटनों वाला पैराग्राफ बहुत अच्छा है," त्या म्हणाल्या. "पर इनके घुटने मेरे घुटनों से तो अच्छे ही हैं।"

आमच्या सिस्टर छताकडे बघायला लागल्या. मी वैद्यकीय दाखल्याचा मुद्दा काढणार, तेवढ्यात प्रोव्हिन्शियल मुलीकडे वळल्या. "बेटा, तुम क्या चाहती हो?"

"स-स-स..."

सवयीने माझं तोंड उघडलं. सिस्टरांनी माझ्याकडे फक्त पाहिलं. मी तोंड मिटलं. त्या तिघी जणी अशा निवांत बसल्या होत्या की जणू संध्याकाळपर्यंत दुसरं काही कामच नाही. मी तळहातात नखं रुतवून बसले. इतका वेळ गप्प मी माझ्या लग्नातसुद्धा बसले नव्हते.

"सिस्टर को ज-ज-जाने दीजिए," शेवटी ती म्हणाली. "वहाँ भी तो कोई अ-अटकती होगी। और उसकी म-मम्मी भी बीच में बोलती होगी।"

परक्या माणसासमोर माझी मुलगी पहिल्यांदाच एवढं बोलली, आणि तेही माझ्या अर्जाविरुद्ध. सिस्टरांनी चष्मा काढून पदर नसलेल्या त्या झग्याच्या बाहीने डोळे पुसले. मला लाज वाटली, आणि त्याहून जास्त अभिमान.

प्रोव्हिन्शियलांनी अर्जाची नीट घडी घालून तो माझ्यापुढे धरला. मी तो मुकाट्याने परत घेतला.