भाताच्या वाटीमागची फ्लॉपी

किनुए मावशीचा मासानोरी ओसाकात माझ्या शेजारच्या टेबलावर बसायचा. कार्टूनमधल्या पोरी सोळा रंगांत, ठिपका ठिपका भरून संगणकावर काढायच्या आणि त्या चित्रांच्या फ्लॉप्या विकायच्या, हा आमचा धंदा. रात्रंदिवस काम करून तो टेबलावरच गेला. शेवटच्या पोरीला त्यानं आईचा चेहरा दिला होता. मालकानं ते चित्र गाळलं, म्हणून ते एकाच फ्लॉपीत उरलं. ती मी मावशीला दिली.

तिच्याकडं संगणक कुठला? वर्षश्राद्धाला मीच एक जुना उचलून नेला.

"लाव रे लवकर," मावशी म्हणाली. "माझ्या थोबाडात त्या गाढवाला काय दिसलं, बघू तरी."

फ्लॉपी पितरांच्या देव्हाऱ्यात, भाताच्या वाटीमागं उभी होती. रोज सकाळचा पहिला वाफाळता भात मावशी पोरापुढं ठेवायची. मी फ्लॉपीची पत्र्याची झडप सरकवली. वर्षभर वाफ खाऊन आतल्या चकतीवर पांढरी बुरशी चढली होती. तरी घालून पाहिली. संगणक नुसता खरखरला.

"काय झालं?"

"मशीन म्हातारं झालंय, मावशी."

"माझ्यासारखंच," म्हणत तिनं फ्लॉपी परत जागेवर उभी केली, आणि गरम भाताची वाटी तिच्याजवळ सरकवली.