साहेब जेवायला होते

“तुम्ही स्वतः पाहिलंत का, आप्पा?”

“न्हाई. पर समद्या गावाला ठावं हाय.”

दौंडच्या सरकारी विश्रामगृहातली खोली. समोर तक्रारदार सोपानआप्पा. बाजूच्या खुर्चीत कुलथे, मान खाली घालून. कुलथे स्वतः न्यायाधीश. शिरूर-दौंड भागातल्या एका कोर्टात होते; कोणत्या, ते सांगत नाही. नव्वदच्या दशकातली गोष्ट. मी दुसऱ्या जिल्ह्यात जिल्हा न्यायाधीश होते आणि हायकोर्टाने मला त्यांच्या खातेनिहाय चौकशीसाठी नेमलं होतं.

आप्पांचा चुलतभावाशी बांधावरून दावा होता. तो आप्पा हरले. निकालाआधी न्यायाधीश त्या भावाच्या घरी जेवून गेले, अशी त्यांची तक्रार. ती खरी ठरली तर कुलथ्यांची नोकरी जाणार होती. सस्पेंड ते आधीच झाले होते.

“तुम्हाला कोणी सांगितलं?”

“मेव्हण्यानं. वरवंडच्या बाजारात गाठ पडली तवा. म्हनला, कोर्टाचं सायेब तुझ्या भावाकडं पंगतीला बसलं व्हतं. मंग मला न्याव कसा मिळनार, बाई?”

माणूस बनाव करत नव्हता, एवढं मला कळत होतं.

मग मेव्हण्याची साक्ष झाली. त्यानेही पाहिलेलं नव्हतं. त्या दिवशी स्वयंपाकाला गेलेल्या पारूबाईंनी त्याला सांगितलं होतं.

निंबकर उठले. ते प्रेझेंटिंग ऑफिसर, म्हणजे खात्याच्या वतीने आरोप मांडणारे. “मॅडम, दोन्ही साक्षी जुळतात. ही फौजदारी केस नाही. एवढं पुरेसं आहे.”

त्यांचं अर्धं बरोबर होतं. खुनाच्या खटल्यात आरोप संशयापलीकडे सिद्ध व्हावा लागतो. खात्याच्या चौकशीत तितकं लागत नाही. असं घडलं असण्याची शक्यता जास्त, इतकं दिसलं तरी चालतं. ऐकीव गोष्टही अगदीच वर्ज्य नसते. पण पारडं झुकायला त्यात काहीतरी पडावं लागतं.

“साक्षी जुळतात कारण दोघं एकाच बाईंचं ऐकून बोलतायत,” मी म्हटलं. “त्या बाईंना बोलवा.”

“त्या आमच्या यादीत नाहीत. घाबरल्यात. यायला तयार नव्हत्या.”

“मग मी बोलावते. कुलथे, तुमची हरकत?”

त्या बाई आल्या तर कुलथे वाचतील किंवा कायमचे बुडतील. ते म्हणाले, “नाही. येऊ द्या.” त्यांच्या हातातला रुमाल पिळून दोरीसारखा झाला होता.

पुढच्या तारखेला पारूबाई आल्या. डोक्यावरचा पदर पुन्हा पुन्हा सावरत होत्या.

“कोर्टाचे साहेब जेवायला होते?”

“व्हय. म्याच वाढलं त्यान्ला. दोनदा रस्सा घेतला.”

निंबकरांनी माझ्याकडे पाहिलं. कुलथ्यांनी डोळे मिटले.

“ते साहेब या खोलीत आहेत?”

बाईंनी एकेकाचं तोंड नीट पाहिलं. कुलथ्यांजवळ थांबल्या. “ह्ये? न्हाई बा. ते बुटकं व्हतं, ढेरीवालं. जेवायच्या आदी टेप धरून बांध मोजला त्यांनी.”

मी दाव्याची फाईल मागवली. दावा चालू असताना जमीन पाहायला एक कोर्ट कमिशनर नेमला होता. कमिशनर म्हणजे जागेवर जाऊन मोजणी करून कोर्टाला अहवाल देणारा वकील. गावाला तोही ‘कोर्टाचा साहेब’च. त्याला बोलावलं. बुटका होता, ढेरीही होती. पारूबाईंनी त्याला लगेच ओळखलं.

“जेवलो, मॅडम,” तो म्हणाला. “ऊन होतं. लोक आग्रह करतात.”

“आप्पांना मोजणीची नोटीस दिली होती?”

तो फाईल चाळू लागला. मोजणीआधी दोन्ही बाजूंना कळवायचं असतं; आप्पांच्या नोटिशीचा कागद त्यात नव्हता.

निंबकरांनी शेवटचा मुद्दा काढला. असला अहवाल कुलथ्यांनी डोळे झाकून स्वीकारला होता. तेही खरंच होतं. पण ती निकालातली चूक. चुकीसाठी अपील असतं. प्रत्येक चुकीला गैरवर्तन म्हणायचं ठरवलं, तर हरलेला प्रत्येकजण तक्रार घेऊन येईल आणि उद्या एकही न्यायाधीश मोठ्या माणसाविरुद्ध निकाल द्यायला धजणार नाही. मी अहवालात लिहिलं, आरोप सिद्ध होत नाही. हायकोर्टाने तो स्वीकारला.

अखेरच्या दिवशी आप्पा व्हरांड्यात थांबले होते. “म्हंजी मी खोटा पडलो?”

“नाही, आप्पा. तुमच्यावर अन्याय झाला होता. तुम्ही माणूस चुकीचा धरलात.”

ते आत गेले आणि कुलथ्यांपुढे हात जोडून उभे राहिले. कुलथे उठले आणि त्यांनीही हात जोडले.

आप्पांनी अपील केलं. नोटीस नव्हती म्हणून दावा पुन्हा सुनावणीला पाठवला गेला. कुलथे कामावर परतले, दुसऱ्या जिल्ह्यात. प्रमोशनची यादी तोवर निघून गेली होती. पुढे एकदा भेटले तेव्हा राजीनामा दिलेला होता. म्हणाले, “मॅडम, चौकशी लागली हे सगळ्यांना कळलं. सुटलो, ते माझं मीच सांगत फिरायचं.”

निवृत्तीनंतर नव्या न्यायाधीशांच्या प्रशिक्षणाला मला कधीमधी बोलावतात. साक्षीदार ‘सगळ्यांना माहीत आहे’ म्हणाला, की ज्याने डोळ्यांनी पाहिलं त्याच्यापर्यंत जा, असं मी सांगते. आणि कमिशनरला पाठवाल तेव्हा घरून डबा न्यायला सांगा.