उपास काकूचा, थालीपिठं सगळ्यांची

माझी उल्काकाकू उपासाला बटाट्याची जी थालीपिठं करायची, तशी मी दुसरीकडे कुठेही खाल्ली नाहीत. ही स्तुती नाही. ही तक्रार आहे, आणि तिची सुरुवात सुहासकाकांपासून होते.

१९९५ साली कॉलेजसाठी पुण्याहून मी त्यांच्याकडे बंगळूरला राहायला आले. मल्लेश्वरममधलं भाड्याचं घर. काका सरकारी कारखान्यात इंजिनिअर. काकू लग्न होऊन आली तेव्हापासून, म्हणजे एकवीस वर्षं, इथेच. घरातले सगळे उपास तिचे. काकांचा उपासाशी संबंध खाण्यापुरता. एकादशी आणि दुप्पट खाशी म्हणतात, पण त्यातला माणूस निदान एकादशी तरी धरतो! काका तेवढंही करत नसत.

काकूच्या कामात मात्र कुठे बोट ठेवायला जागा नव्हती. नव्या बटाट्याला पाणी सुटतं, म्हणून ती भाजीवाल्या यल्लाप्पाच्या गाडीवर कानडीत "होसदु बेडा, हळेदु कोडी" म्हणत जुने बटाटे एकेक निवडून घ्यायची. कच्चेच किसायची, पाण्यातून काढून पंच्यात घट्ट पिळायची. मग दाण्याचं कूट, जिरं, मिरची आणि पुण्याहून मागवलेलं मूठभर शिंगाड्याचं पीठ. पातळ थापून मधे भोक पाडायचं, त्यात तूप सोडायचं. कड सोनेरी होऊन सुटली की उलटायचं. आणि तव्यावरून उतरलं की लगेच खायचं, कारण दहा मिनिटांत ते वातड होतं. म्हणजे करणारीला ते कुरकुरीत कधीच मिळत नाही. एवढं साधं गणित त्या घरात कुणाला सुटलं नव्हतं, आणि म्हणे इंजिनिअर!

पुढच्या वर्षीच्या महाशिवरात्रीला काकांनी ऑफिसातल्या चौघांना बोलावलं. त्यांत त्यांचे साहेब जयतीर्थ होते. बटाटे किसता किसता काकू मला म्हणाली, "आज मी दोन गरम खाणार हं. शेवटची उरलेली नाही, मधलीच." परवानगी मागितल्यासारखं म्हणाली. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. स्वतःच्या उपासाचं स्वतः खायला परवानगी कसली?

एक वाजता पाहुणे आले आणि बैठकीच्या खोलीतून हाका सुरू झाल्या. "आण गं लवकर!" "जयतीर्थांना वाढ!" मी बश्या घेऊन आत-बाहेर करत होते. दर वेळी म्हणायचे, "काकू, हे तू खा." ती म्हणायची, "जाऊ दे गं, थांबलेत ते." सकाळपासून तिच्या पोटात फक्त कपभर चहा होता. तुपाच्या धुरात उभी राहून तिचे डोळे लाल झाले होते. अडीच वाजता परातीत एकाचंच मिश्रण उरलं. तिने ते थापलं, भाजलं, स्वतःच्या बशीत काढलं आणि स्टुलावर टेकली.

"उल्का, साहेबांना अजून एक!"

"संपली म्हणून सांगते," मी म्हणाले. पण ती उठलीच. बशी घेऊन बाहेर निघाली. मला इतका राग आला, काकांचा आणि तिचाही. द्या, हेही द्या!

ती काकांसमोर जाऊन उभी राहिली, एक तुकडा मोडला आणि तोंडात टाकला. कुरकुर आवाज सगळ्यांना ऐकू आला.

"अगं, साहेबांसाठी..."

"उपास माझा आहे," ती म्हणाली. आवाज चढला नव्हता. "सकाळपासून मी उपाशी आहे. तुमच्यापैकी कुणाचा आहे उपास?"

जयतीर्थांनी हातातली बशी खाली ठेवली आणि आपल्या कानडी वळणाच्या मराठीत म्हणाले, "अक्का, उपास तुमचा? आम्हाला गोत्तच नव्हतं हो, ठाऊकच नव्हतं. आम्ही आपलं टिफिन, नाश्ता समजून खात बसलो." मग काकांकडे वळून, "काय सुहास, स्वल्प सांगायचं तरी!"

काका पाहुण्यांना सोडायला फाटकापर्यंत गेले, परत आले आणि थेट झोपायच्या खोलीत जाऊन पडले. चारचौघांत नाक कापलं म्हणून. बायको उपाशी राहिली म्हणून नव्हे.

टोपलीत चार बटाटे होते. मी ते किसले, जमेल तसे पिळले. काकूला हाताला धरून टेबलाशी बसवलं. पहिलं करपलं. दुसरं बरं झालं, मग आणखी दोन. तव्यावरून थेट तिच्या बशीत. ती मान वर न करता खात होती, आणि झोपायच्या खोलीचं दार जोरात आपटून यावं असं मला सारखं वाटत होतं. त्या माणसाला मी मनातल्या मनात काय काय बोलले नाही!

तिसरं संपवून काकू पाणी प्यायली आणि तिने माझ्याकडे बघितलं. "तू खाल्लंस का गं काही?"

आत-बाहेर करताना मी उभ्या उभ्या चार खाल्ली होती. गरम, कुरकुरीत. आणि उपास मलाही नव्हता.