शेजारचे नट

अमेरिकेत, ॲन आर्बरला आमच्या शेजारी मॉस्कोहून आलेले एक वृद्ध ज्यू नट राहायचे. तिकडे सरकारनं त्यांचं यिडिश, म्हणजे ज्यूंच्या भाषेतलं, थिएटर बंद पाडलं होतं, सोबतच्या नटांना उचलून नेलं होतं. आम्ही त्यांना काका म्हणायचो. कुणी ऐकू नये म्हणून स्वतःच्या घरातही ते नळ सोडून कुजबुजत बोलायचे.

एकदा ते आमच्या बेसमेंटमध्ये मराठी नाटकाची रिहर्सल बघत असताना दारात पोलीस आला. काका पांढरेफटक पडले. तरीही उठले, त्याच्यासमोर उभे राहिले आणि खणखणीत यिडिशमध्ये एक स्वगत म्हणू लागले.

पोलिसानं ते संपू दिलं, मग विचारलं, "बाहेर रस्ता अडवलाय, ती कार कुणाची?"

काका मटकन खाली बसले.

"यानं शेवटपर्यंत म्हणू दिलं," ते म्हणाले.