उसनं नाव

प्रसूतीच्या वॉर्डात तिला सगळे मावशी म्हणत. डॉक्टर मावशी म्हणत, सिस्टर मावशी म्हणत, आणि तिच्याहून वयाने मोठा असलेला वॉचमनही खुशाल मावशीच म्हणे. नवरा होता तोवर त्याने "अगं, ऐकलंस का" एवढ्यावर सगळा संसार रेटला. तिला स्वतःचं नाव होतं, पण ते पगाराच्या सहीपुरतं. कुणी हौसेने विचारलंच तर ती फटकारायची, "हाक मारा, मी येते. नाव घेऊन काय लोणचं घालायचंय?"

नाव लपवावं असंच होतं. ती आईबापांची पाचवी मुलगी. बापाने पाळण्यात डोकावूनही न बघता नाव ठेवलं, आणि त्याचा अर्थ एवढाच होता: पुरे.

बाळांची पहिली आंघोळ हे मावशीचं काम. कोमट पाणी, कोपराने त्याचा अंदाज, डोक्याखाली डावा हात. त्या बाळांच्या मनगटावर पट्टी असे आणि पट्टीवर आईचं नाव. बाळाचं स्वतःचं असं काहीच नसे, आणि तेच मावशीला सोसत नसे. तिचं पहिलं मूल असंच गेलं होतं. घरात नावावरून रणं माजली होती, सासू एक म्हणे, नणंद दुसरं, आणि त्यांचा निकाल लागायच्या आत ते लेकरू बिननावाचंच निघून गेलं. रडायचं तरी काय म्हणून, तेही तिला कळलं नाही. ज्याला नाव नाही त्याला कुणीही हाक मारून नेतं, अशी तिची तेव्हापासून खात्री झाली.

शहरात देशोदेशीची माणसं कामाला येत, त्यांच्या बायका याच वॉर्डात बाळंत होत. मावशी त्यांना खोदून खोदून विचारी. नावाला नावं ठेवणारी माणसं जगभर सारखीच, पण नाव ठेवण्याच्या तऱ्हा किती! कुणाकडे मुलाचं नाव मुद्दाम 'कचरा' ठेवतात, म्हणजे मरण नाक मुरडून पुढे जातं. कुणाकडे बरेच दिवस नावच उच्चारत नाहीत. लांबच्या देशातली एक बाई होती, तीन मुलं पुरून आलेली. चौथ्याला तिने तिच्या भाषेतलं एक नाव ठेवलं. त्याचा अर्थ 'थांब'.

तिनेच जाताना बजावलं होतं, "मावशी, काही कर, पण जिवंत माणसाचं नाव पोराला देऊ नकोस. एका नावात दोघं मावत नाहीत. मोठं असतं ते बाहेर पडतं."

"आमच्याकडे एका खोलीत सहा जण मावतात," मावशी हसून म्हणाली होती.

पण 'थांब' तिला फार आवडलं. त्या दिवसापासून पहिल्या आंघोळीला ती प्रत्येक बाळाच्या कानात तेच नाव सांगू लागली. "उसनं आहे हं, राजा. घरी गेलास की परत कर." बाळ डोळे किलकिले करून तिच्याकडे बघे. मावशीच्या हातात कधी मूल दगावलं नाही, हे मात्र सगळा वॉर्ड सांगतो.

उसनं दिलेलं कुणी परत करत नाही, हे तिला निवृत्त झाल्यावर उमगलं. भर दुपारी बसथांब्यावर एक पोर आईचा हात सोडून रस्त्यावर धावलं आणि मावशीच्या तोंडून सवयीने तेच नाव निघालं. पोर जागच्या जागी थांबलं. आणि सगळा रस्ताही थांबला. कंडक्टरचा हात घंटीच्या दोरीवर तसाच राहिला. फोनवर बोलणारी मुलगी वळली. दाढीवाला एक बाप्या शिडीवर अर्ध्यात थांबून मान वळवून बघू लागला. सगळ्यांचे डोळे मावशीवर होते, आणि नजर तीच होती, टबातून वर बघणारी. मग कुणी डोकं झटकलं, कुणी मान खाजवली, आणि जो तो आपल्या वाटेला लागला. घरी येऊन तिने चहाही केला नाही.

पुढे सून त्याच वॉर्डात बाळंत झाली. दिवस भरायच्या आतच. नात काचेच्या पेटीत, छातीला वायरी, सशासारखा धपापणारा ऊर. लेक दारातच म्हणाला, "आई, नावाचं आत्ता काढू नकोस. आधी जगू दे तिला. नाव ठेवलं आणि गेली, तर मी काय करू?"

"बिननावाची कुठं थांबणार आहे रे ती?" मावशी म्हणाली. पण लेकाचा चेहरा बघून तिने विषय तिथेच सोडला.

भेटायच्या वेळेला ती हात धुऊन एकटीच आत गेली. पेटीच्या गोल खिडकीतून तिने बोट आत सरकवलं आणि वाकून उसनं नाव घेतलं. नात हलली नाही. पण रांगेतल्या बाकी सगळ्या पेट्यांमधली बाळं हलली. एकेक मान हळूहळू मावशीकडे वळली. यातल्या एकालाही तिने आंघोळ घातली नव्हती. त्यांच्या आईबापांना घातली असेल. ते नाव आता सगळ्यांचं होतं, म्हणून नातीच्या वाट्याला त्यातलं काहीच उरलं नव्हतं.

यंत्रावरचा आकडा उतरू लागला. लेकराच्या ओठांवर निळी झाक आली. सिस्टरला हाक मारून मावशीने पुन्हा खिडकीशी तोंड नेलं. लांबच्या देशातली ती बाई तिला आठवली, नाही असं नाही. पण मावशीजवळ कुणालाही न दिलेलं नाव एकच उरलं होतं. बापाने ते तिच्या आईला ऐकवलं होतं. मावशीने ते मरणाला ऐकवलं. पुरे.

सिस्टर धावत आली तेव्हा आकडा वर चढत होता आणि नातीने आजीचं बोट घट्ट धरलं होतं. मावशीला मात्र घरातून काहीतरी आणायला निघावं आणि काय ते विसरावं, तसं वाटत राहिलं.

नात घरी आली, बाळसं धरलं. लेक-सुनेने छान चांदण्याचा अर्थ असलेलं नाव ठेवलं. त्या नावाने कितीही हाका मारा, पोरगी ढिम्म. "कान तपासून घेऊ," सून म्हणाली. त्याच सुमारास पेन्शनच्या खिडकीवर मावशीचं पेन कागदावर टेकलं आणि तिथेच थबकलं. तिने अंगठा देऊन वेळ मारून नेली.

नातीचे कान तपासायचे, तर मावशीचेही डोळे दाखवून घ्यावेत, म्हणून तिघी दवाखान्यात गेल्या. चिठ्ठ्या सुनेनेच काढल्या. बाकावर मावशी, शेजारी सून, सुनेच्या खांद्यावर नात. काउंटरवरच्या बाईने एक नाव पुकारलं. कुणी उठलं नाही. तिने पुन्हा पुकारलं.

मावशीने इकडेतिकडे पाहिलं आणि सुनेच्या कानाशी लागून म्हणाली, "काय गं बाई हे नाव! लेकीला कुणी 'पुरे' म्हणतं का? कुणाचे आईबाप असले कसाई?"

सुनेचा चेहरा पांढराफटक पडला. "आई," ती म्हणाली, "अहो, तुम्हालाच बोलावतायत."

"मला?" मावशी हसली. "काहीतरीच तुझं."

काउंटरवरून तिसऱ्यांदा नाव आलं. सुनेच्या खांद्यावरून नातीने मान उचलली, आवाजाच्या दिशेने वळवली, आणि दोन्ही हात पुढे करून हुंकार दिला.