सॅकमधला गॅसचा डबा

नव्वदच्या दशकाच्या शेवटी मी शिरोली एमआयडीसीत एका फौंड्रीत कामाला होतो. तिथं लेथ चालवणाऱ्या एका टर्नरला आणि मला डोंगर भटकायचं वेड. त्याच्याकडं मुंबईहून आणलेली चिमुकली शेगडी होती. तिला खालून पत्र्याचा गॅसचा डबा बसवायचा आणि संपला की फेकायचा. पण नवा डबा कोल्हापुरात मिळायचा नाही, म्हणून हा गडी घरच्या सिलिंडरला नळी लावून जुनाच पुन्हा भरायचा. ते बरोबर नव्हे, हे मला माहीत होतं. डोंगरावरच्या चहासाठी मी गप्प बसायचो.

त्या रविवारी आम्ही दोघं गगनबावड्याच्या एसटीनं निघालो; डबा माझ्या सॅकमध्ये, पायाशी होता. कळे गाव मागं पडलं आणि गाडी खड्ड्यात आदळली. वरच्या फळीवरचं भरलेलं पोतं सॅकवर कोसळलं. आतून सूं आवाज, पाठोपाठ वास. पुढच्या बाकावरच्या म्हाताऱ्या पावण्यानं बिडी ओठात धरून काडी पेटीला टेकवलेली.

मी ओरडलो नाही. सरळ बुक्की मारली. त्याचं तोंड खिडकीच्या गजावर आपटलं, काडीपेटी खाली पडली.

"म्हाताऱ्याला मारतोस व्हय रं!" कुणीतरी माझी मानगूट धरली. कानाखाली, पाठीत, पोटात, मिळेल तिथं मारत होते. "गॅस हाय, काडी वडू नका!" असं मी बोंबलत होतो. ऐकतंय कोण? टर्नरनं डबा उपसला, गळतीवर अंगठा दाबला आणि गाडी थांबायच्या आत उडी टाकली. उसापलीकडच्या मोकळ्या रानात त्यानं तो भिरकावला.

परत आला तेव्हा गळणाऱ्या गॅसच्या गारठ्यानं त्याचा पंजा पांढराफटक, गोठलेला होता.

सगळं कळल्यावर मला खाली उतरवलं, मागोमाग म्हातारा उतरला. हातात पडलेला दात. त्यानं मला सणसणीत थोबाडीत दिली.

"तोंड न्हवतं व्हय तुला? सांगायचं की! आन् असलं घिऊन बायकापोरांत बसतासा?"

आम्हाला रस्त्यावर सोडून एसटी गेली.

कळ्याला चालत डॉक्टरकडं निघालो. वाटेत मी टर्नरवर खेकसलो, "डबा भरलास तू!"

"आन् च्या कोण ढोसत हुतं?" म्हणत त्यानं धड हातानं माझं नाक फोडलं. मीही त्याला रस्त्यावर लोळवला, दुखरा हात न बघता.

दोन महिने त्याला लेथवर उभं राहता आलं नाही. अंगठ्याची जाणीव परत आलीच नाही. डबा त्यानं नव्हे, मी भरला होता, असं त्यानं सगळ्यांना सांगितलं. मी ते कधी खोडलं नाही.